साक्षीदार नसलेला खून
खून होताना कुणी पाहिलेला नसेल, तर न्यायालयापुढे उरतो तो परिस्थितिजन्य पुरावा. त्याची कसोटी ठरली पुण्यातल्या एका खटल्यात. जून १९८२मध्ये नवविवाहितेचा पोटॅशियम सायनाइडने मृत्यू झाला. सत्र न्यायालयाने पती सारडा याला फाशी सुनावली, मुंबई उच्च न्यायालयाने ती कायम केली. सर्वोच्च न्यायालयाने १९८४मध्ये मात्र त्याला निर्दोष सोडले: तिने माहेरी बहिणीला आणि मैत्रिणीला लिहिलेली पत्रे पाहता आत्महत्येची शक्यता नाकारता येत नव्हती आणि विष पतीकडे होते, हेही सिद्ध झाले नव्हते.

या ‘सारडा’ निकालातली पाच तत्त्वे ‘पंचशील’ म्हणून ओळखली जातात. गाभा असा, की पुराव्याचा प्रत्येक दुवा स्वतंत्रपणे सिद्ध हवा आणि साखळी आरोपीच्याच दोषाकडे नेणारी हवी, दुसऱ्या कुठल्या शक्यतेला वाव नको. आरोपी खोटे बोलला, एवढ्याने तुटलेला दुवा जोडला जात नाही.

मात्र घरात दोघेच असताना एकाचा मृत्यू झाला, तर दुसऱ्याला खुलासा द्यावा लागतो; हे भारतीय साक्ष अधिनियमाचे कलम १०९, पूर्वीच्या कायद्यातले १०६. पण सरकार पक्षाने आधी आपले प्राथमिक ओझे उचलले असेल, तरच.