दिवेआगरला कासवं बघायला येताय? आधी 'कासव' बघा

मार्च-एप्रिलात दिवेआगर, हरिहरेश्वर, मारळला पिल्लं समुद्रात सोडतात तेव्हा मोबाइल उगारून गर्दी होते. त्यातल्या किती जणांनी सुमित्रा भावे-सुनील सुकथनकरांचा 'कासव' पाहिलाय? २०१६ सालचं सुवर्णकमळ मिळालेला सिनेमा! (चित्रीकरण देवगडला, आमच्या रायगडात नाही, ही हळहळ आहेच.)

सुमित्राताई मूळच्या समाजशास्त्राच्या. सिनेमाचं रीतसर शिक्षण शून्य. बायकांवरचं संशोधन लिहिता-वाचता न येणाऱ्या बायकांपर्यंत पोचावं, म्हणून १९८५ मध्ये 'बाई' हा लघुपट केला. मग 'दोघी', 'दहावी फ', 'वास्तुपुरुष', 'देवराई', 'अस्तु'. पटकथा त्यांची, कला दिग्दर्शन, वेशभूषाही बरेचदा त्याच बघायच्या. गाणी सुकथनकरांची. 'कासव'च्या निर्मितीत डॉ. मोहन आगाशे होते आणि पडद्यावरही.

ऑलिव्ह रिडले कासवाची मादी वाळूत शंभरेक अंडी घालते, खड्डा बुजवते आणि सरळ परत फिरते. सिनेमातली जानकीही (इरावती हर्षे) अशीच फार न गुंतता माया करते: नैराश्यानं खचलेल्या तरुणाला (आलोक राजवाडे) घरी आणते. 'काय झालं, का झालं' असं खोदून विचारत नाही. उपदेशाचा डोस नाही, हे मला फार आवडलं.

सुमित्राताई २०२१ मध्ये गेल्या. 'कासव' आवडला तर पुढे 'दोघी' बघा, मग 'अस्तु'.