मोटारीची टाकी आणि तिचा पल्ला

हल्लीं शहरांत व खेड्यांतही एका नव्या घडणीच्या मोटारी पुष्कळ दिसूं लागल्या आहेत. त्या लांबीनें आखूड, पण उंचीनें जीपच्या जवळ जाणाऱ्या, आणि जमिनीपासून चांगल्या वर उचललेल्या असतात. त्यांना क्रॉसओव्हर असें म्हणतात. खऱ्या जीपच्या तळाशीं पोलादी तुळयांची जाड चौकट असते व तिच्यावर वरचा सांगाडा बसविलेला असतो. क्रॉसओव्हरला अशी निराळी चौकट नसते. लहान घरगुती मोटारीप्रमाणें तिचा सर्व सांगाडा एकसंध असतो, फक्त बांधा उंच असतो. अशी गाडी घरीं आली म्हणजे शेजारीपाजारी पहिला प्रश्न विचारतात तो किंमतीचा, आणि दुसरा ‘ॲव्हरेज किती देते ?’ हा. एकदां टाकी भरली असतां ही गाडी आपणांस कोठवर नेऊन पोंचवील, हा तिसरा प्रश्न फारसा कोणी विचारीत नाहीं. आणि विचारलाच, तर दोन आंकड्यांचा गुणाकार करून लोक मोकळे होतात. हा गुणाकार कोठें फसतो व तो कसा सुधारून घ्यावा, हें येथें थोडक्यांत पाहावयाचें आहे.

उदाहरणासाठीं २०२१ सालीं बाजारांत आलेली टाटा पंच ही मोटार घेऊं. तिची पेट्रोलची टाकी ३७ लिटरांची. हातानें गिअर बदलावयाच्या प्रकारास त्या वेळीं जो प्रमाणित आंकडा मिळाला, तो लिटरास १८.९७ किलोमीटर असा होता. आतां ३७ ला १८.९७ नीं गुणिलें म्हणजे ७०१.८९ येतात; सुमारें ७०२ किलोमीटर. योगायोग असा कीं, नागपूरपासून ठाणें जिल्ह्यांतील आमणे या गांवापर्यंत जाणाऱ्या समृद्धि महामार्गाची लांबी ७०१ किलोमीटर आहे. या मार्गाचा नागपूर ते शिर्डी हा पहिला भाग डिसेंबर २०२२ मध्यें खुला झाला व जून २०२५ मध्यें संपूर्ण मार्ग पुरा झाला. तेव्हां पाटीवरील गणिताप्रमाणें नागपुरास टाकी भरून निघालेली ही गाडी मध्यें कोठेंही पेट्रोल न घेतां आमण्यास पोंचावी, आणि टाकींत जेमतेम एका किलोमीटरापुरतें पेट्रोल उरावें !

असा भरंवसा ठेवून कोणी निघाला, तर त्याची फजिती ठरलेली आहे. आणि ही फजिती केवळ हंसण्यावारी नेण्याजोगी नाहीं. हा मार्ग दोन्ही बाजूंनीं बंदिस्त आहे. वाटेल तेथें गाडी वळवून जवळच्या गांवांत शिरतां येत नाहीं. ठराविक ठिकाणींच बाहेर पडतां येतें. मोटारींस तेथें ताशीं १२० किलोमीटरांपर्यंत वेगाची मुभा आहे. वैशाखाच्या उन्हांत किंवा अपरात्रीं, लहान मुलें व वृद्ध माणसें बरोबर असतांना, अशा रस्त्याच्या कडेला पेट्रोलवांचून उभें राहणें हें जीवावरचें संकट आहे. गाडींत एखादा आजारी माणूस असेल, तर बोलावयासच नको.

मग तो १८.९७ चा आंकडा खोटा काय ? नाहीं, तो खोटा नव्हे. आपल्या देशांत अशी परीक्षा घेणारी एक जुनी संस्था पुण्यास आहे. तिचें नांव ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया; ती १९६६ सालीं स्थापन झाली. परीक्षेच्या वेळीं मोटार रस्त्यावर न नेतां तिचीं चाकें मोठ्या रुळांवर ठेवतात आणि ठरवून दिलेल्या क्रमानें वेग वाढवीत, उतरवीत, मधून मधून थांबत ती सुमारें वीस मिनिटें चालवितात. या क्रमांत वेग ९० किलोमीटरांपुढें जात नाहीं आणि गाडींतील थंड हवेचें यंत्र बंद असतें. घाट नाहीं, खड्डे नाहींत, डिकींत सामान नाहीं, समोरून वारा नाहीं. सर्व विद्यार्थ्यांना एकच प्रश्नपत्रिका द्यावी, म्हणजे त्यांची तुलना करतां येते, तसाच हा प्रकार आहे. दोन गाड्यांत अधिक काटकसरी कोणती हें त्या आंकड्यावरून कळतें. परंतु आपल्या प्रवासांत ती किती चालेल, हें त्यावरून कळत नाहीं.

प्रत्यक्ष रस्त्यावर पेट्रोलचे वांटेकरी अनेक आहेत. त्यांतला थोरला म्हणजे वारा. हवेचा अडथळा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणांत वाढतो. ताशीं ८० किलोमीटर वेगानें जातांना हा अडथळा एक धरला, तर १०० च्या वेगास तो दीडपटीहून थोडा अधिक होतो, आणि १२० च्या वेगास सव्वादोनपट होतो. त्यांतून क्रॉसओव्हर पडली उंच बांध्याची. आपल्या उदाहरणांतील मोटार १,६१५ मिलिमीटर उंच व १,७४२ मिलिमीटर रुंद आहे. म्हणजे ती जणूं एक भलें मोठें दार उभें धरून वाऱ्यांतून पुढें ढकलीत असते. टपावर कॅरिअर बांधून सामान लादलें, तर हें दार आणखी उंच होतें. शहराच्या रस्त्यावर ही उंची फारशी भोंवत नाहीं. मोकळ्या महामार्गावर मात्र तिची किंमत पेट्रोलच्या रूपानें मोजावी लागते.

दुसरा वांटेकरी म्हणजे चढ. कोंकणांतून देशावर कोणत्याही मार्गानें जावयाचें झालें, तरी सह्याद्रि चढून जावेंच लागतें. खोपोलीहून लोणावळ्यास जातांना सुमारें साडेपांचशें मीटर उंची चढावी लागते. गाडी, माणसें व सामान मिळून वजन १,३०० किलो धरलें, तर एवढें ओझें तितकें वर उचलण्यास सुमारें ७० लाख जूल इतकी शक्ति खर्च होते. एक लिटर पेट्रोलमध्यें सुमारें ३ कोटि २० लाख जूल शक्ति सांठविलेली असते खरी, पण इंजिन तिच्यांतील जेमतेम चतुर्थांशच चाकांपर्यंत पोंचवितें. बाकीची उष्णतेच्या रूपानें वायां जाते. हिशेब केला तर केवळ या एका चढासाठीं पाऊण लिटराहून अधिक पेट्रोल जादा लागतें. उतरतांना त्यांतलें कांहीं परत मिळतें, कारण गाडी गिअरमध्यें ठेवून पाय उचलला म्हणजे हल्लींच्या इंजिनांत पेट्रोलचा पुरवठा आपोआप बंद होतो. म्हणून पेट्रोल वांचविण्याच्या लोभानें न्यूट्रलमध्यें घाट उतरणें हें शुद्ध अज्ञान होय. त्यानें बचत होत नाहीं. उलट इंजिनाचा आवर सुटून सर्व भार ब्रेकवर पडतो.

तिसरें कारण पेट्रोलच्या अंगींच आहे. २०२५ सालापर्यंत आपल्या देशांत पेट्रोलमध्यें शेंकडा वीस भाग इथेनॉल मिसळण्याची मजल गांठली गेली. हें इथेनॉल उसापासून व धान्यापासून तयार होतें. त्याच्या एका लिटरांत पेट्रोलच्या सुमारें दोनतृतीयांश शक्ति असते. त्यामुळें अशा मिश्रणाच्या एका लिटरांत निव्वळ पेट्रोलपेक्षां शेंकडा सहासात भाग शक्ति कमी भरते. माप तेंच, पण कस थोडा उणा, असा हा प्रकार आहे. यांत आणखी थंड हवेचें यंत्र, टायरांत कमी असलेली हवा, आणि शहरांतील दर चौकांत थांबणें हीं मिळविलीं, म्हणजे कागदावरचा आंकडा व खरा आंकडा यांत एवढें अंतर कां पडतें, तें सहज उमगतें.

आतां टाकीकडे वळूं. हल्लींच्या बहुतेक लहान मोटारींची टाकी पत्र्याची नसून जाड प्लॅस्टिकची असते व ती मागील बैठकीच्या खालीं, मिळेल त्या सांदीकोपऱ्यांत बसेल अशा वांकड्यातिकड्या आकाराची घडविलेली असते. पेट्रोल किती आहे हें सांगणारा एक तरंगता तुकडा तिच्यांत असतो. तो पेट्रोलबरोबर वरखालीं होतो आणि त्याच्या दांड्याच्या हालचालीवरून समोरचा कांटा किंवा पट्ट्या हलतात. टाकीचा आकार असा वेडावांकडा आणि त्यांत गाडी चढावर तिरपी झालेली. म्हणून घाटांत हा कांटा कधीं जास्त दाखवितो, कधीं कमी. पुष्कळ गाड्यांत ‘इतके किलोमीटर जाईल’ असा आंकडा समोर उमटतो, तोही सर्वज्ञ नव्हे. नुकतेंच पेट्रोल ज्या बेतानें खर्च झालें, त्याच बेतानें पुढें होईल असें गृहीत धरून तो काढलेला असतो. सपाट रस्त्यावर तो ९० दाखवील, आणि घाट लागतांच बघतां बघतां ६० वर येईल.

पंपावर नळी आपोआप बंद होते, तेंही समजून घेण्याजोगें आहे. नळीच्या टोंकाशीं एक बारीक छिद्र असतें. टाकी भरत आली व तें छिद्र पेट्रोलनें झांकलें गेलें, कीं नळींतील हवेचा दाब बदलून झडप मिटते. त्यानंतरही ‘अजून थोडें घाला’ म्हणून आग्रह धरूं नये. जमिनीखालच्या थंड हौदांतून आलेलें पेट्रोल उन्हांत तापून फुगतें; तपमान वीस अंशांनीं वाढलें, तर ३७ लिटर पेट्रोल सुमारें पाऊण लिटरानें वाढतें. त्या वाढीसाठीं व वाफेसाठीं टाकींत मोकळी जागा राखलेली असते. ती भरून टाकली, तर पेट्रोल वाफ शोषणाऱ्या कोळशाच्या डबींत शिरून ती निकामी होऊं शकते. उलट टोंकाची संवयही वाईट. पेट्रोल वर खेंचणारा विजेचा पंप टाकींतच बुडालेला असतो व पेट्रोलमुळेंच थंड राहतो. नेहमीं तळ गांठेपर्यंत गाडी चालविणारा मनुष्य त्या पंपाचें आयुष्य कमी करीत असतो.

कोणी म्हणेल, मग मोठी टाकी असलेली गाडीच घ्यावी. परंतु ५० लिटरांची टाकी आणि लिटरास ११ किलोमीटर असा खर्च असेल, तर पल्ला ५५० किलोमीटर पडतो. आणि ३७ लिटरांच्या टाकीस लिटरास १५ किलोमीटर मिळाले, तर तो ५५५ पडतो. म्हणजे लहान टाकीची काटकसरी गाडी मोठ्या टाकीच्या उधळ्या गाडीच्या पुढें जाते !

म्हणून खरा हिशेब असा करावा. प्रथम टाकी नळी बंद होईपर्यंत भरावी व किलोमीटरांचा आंकडा टिपून ठेवावा. पुढील वेळीं पुन्हां तशीच भरावी, आणि मधल्या अंतरास त्या वेळीं घातलेल्या लिटरांनीं भागावें. समजा, गाडी ४१२ किलोमीटर चालली व २६.४ लिटर पेट्रोल बसलें; तर लिटरास १५.६ किलोमीटर पडले. एका भरण्यावर विसंबूं नये. चार पांच वेळांची सरासरी घ्यावी, व घाट, शहर आणि महामार्ग यांची नोंद निराळी ठेवावी. मग टाकीच्या मापांतून पांच लिटर ‘नाहींतच’ असें समजून वजा करावे आणि उरलेल्यांना आपल्या खऱ्या आंकड्यानें गुणावें. महामार्गावर लिटरास १५ किलोमीटर मिळतात असें धरलें, तर ३२ गुणिलें १५ म्हणजे ४८० किलोमीटर झाले. वेग फार वाढविला व १३ च मिळाले, तर ४१६ उरले. नागपूरहून शिर्डीच ५२० किलोमीटर आहे ! तेव्हां कागदावर आमण्यास पोंचणाऱ्या या गाडीनें शिर्डीच्याही बऱ्याच अलीकडे पेट्रोल घेणें हाच शहाणपणा होय.

आपल्या वडीलधाऱ्यांना जुन्या स्कूटरींची आठवण असेल. त्यांत पेट्रोलची खीळ असे. चालतां चालतां गाडी आचके देऊं लागली, कीं ‘रिझर्व्हला लागली’ असें म्हणून ती खीळ फिरवीत आणि सरळ पंपाची वाट धरीत. तें शेवटचें लिटर पुढील प्रवासासाठीं नसून पंपापर्यंत पोंचण्यासाठीं आहे, हें लहान मूलही जाणत असे. आतां खीळ गेली व तिच्या जागीं दिवा आला. परंतु दिवा लागल्यावरही ‘अजून पन्नास जाईल’ म्हणणारे पुष्कळ आहेत. वस्तुतः टाकी पाव उरली असतां भरली काय, आणि ठणठणीत कोरडी झाल्यावर भरली काय, लिटरामागें दाम तेवढेंच पडतें. लवकर भरण्यांत एका पैशाचेंही नुकसान नाहीं. उशीर केल्यास मात्र कोणी तरी बाटलींतून पेट्रोल आणावयास धांवतो. आणि प्लॅस्टिकच्या बाटलींतून पेट्रोल नेणें म्हणजे आग हातांत घेऊन चालणें होय.

अंथरूण पाहून पाय पसरावे, असें आपण म्हणतों. मोटारीचें अंथरूण म्हणजे तिची टाकी. तें किती लांब आहे, हें विकणाऱ्याच्या पत्रकावरून न ठरवितां स्वतः मोजून ठरवावें. विद्यार्थ्यांनीं सुटींत गांवीं जातांना एक लहानशी वही जवळ ठेवावी. अंतर, लिटर व रस्त्याचा प्रकार लिहून ठेवावा. आणि घरीं येऊन भागाकार करून वडिलांस दाखवावा. त्रैराशिकाचा याहून उपयोगी धडा क्वचितच सांपडेल. आणि पुढील प्रवासांत कोठें थांबावें, हें घरांतील सर्वांत धाकटें माणूसही तेव्हां खात्रीनें सांगूं शकेल.