विश्लेषण : एकच मतदारसंघ, एकच पक्ष, ११ विजय… गणपतराव देशमुखांचा विक्रम नेमका कोणता?

महाराष्ट्रात कोणी पक्ष बदलला की समाजमाध्यमांवर एक नाव हमखास फिरू लागते : सांगोल्याचे गणपतराव देशमुख, म्हणजे तालुक्याचे ‘आबा’. शेतकरी कामगार पक्षाच्या तिकिटावर ते ११ वेळा आमदार झाले. त्यासोबत ‘जागतिक विक्रम’, ‘देशात सर्वाधिक’ असे दावेही फिरतात. त्यात तथ्य किती?

विक्रमाचे गणित काय?

गणपतराव पहिल्यांदा १९६२ मध्ये निवडून आले, शेवटचे २०१४ मध्ये, वयाच्या ८८व्या वर्षी. मधल्या काळात दोन पराभव आहेत. १९७२ मध्ये ते हरले, पण १९७४ च्या पोटनिवडणुकीत परतले. १९९५ मध्ये काँग्रेसच्या शहाजीबापू पाटील यांनी त्यांना अवघ्या १९२ मतांनी हरवले. हा हिशेब मांडला की आकडा ११ वर येतो. महाराष्ट्रात त्याला तोड नाही.

देशाचे म्हणाल तर चित्र वेगळे आहे. केरळचे के. एम. मणी १९६५ ते २०१६ या काळात पाला मतदारसंघातून १३ वेळा निवडून आले (१९६५ ची विधानसभा मात्र भरलीच नाही). करुणानिधीही १३ वेळा जिंकले, पण मतदारसंघ बदलत. त्यामुळे ‘देशात सर्वाधिक’ हे खरे नाही आणि आबांच्या मोठेपणासाठी त्याची गरजही नाही.

शेकापमध्ये राहणे अवघड का होते?

कारण या पक्षाला गळतीचा इतिहास आहे. केशवराव जेधे, शंकरराव मोरे हे संस्थापकच १९५० च्या दशकात काँग्रेसमध्ये परतले. पुढे पक्ष रायगड आणि दोन-चार तालुक्यांपुरता उरला. गणपतराव हलले नाहीत. मंत्रिपद त्यांना मिळाले तेही आघाडीतून : १९७८ च्या ‘पुलोद’ सरकारात आणि १९९९ नंतर विलासराव देशमुखांच्या मंत्रिमंडळात. २००२ मध्ये शेकापने विलासराव सरकारचा पाठिंबा काढला. पन्नास वर्षांच्या कारकिर्दीत सत्तेची वर्षे अशी बोटांवर मोजण्याइतकीच. मंत्री नसलेल्या आमदाराला तालुका पुन्हा पुन्हा का निवडून देतो, हा खरा प्रश्न.

सांगोल्याने त्यांना का स्वीकारले?

उत्तराचा मोठा भाग पाण्यात आहे. सांगोला हा माणदेशातला, पर्जन्यछायेतला तालुका. इथे पाऊस रुसला की जनावरांना चारा आणि हाताला काम, दोन्हीची वानवा. कृष्णेचे पाणी उचलून दुष्काळी तालुक्यांना द्यावे, यासाठी आटपाडीत भरणाऱ्या पाणी परिषदांमध्ये क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी आणि डॉ. भारत पाटणकर यांच्याबरोबर गणपतरावही होते. मागणी केवळ पाण्याची नव्हती, समन्यायी वाटपाची होती : पाणी धरणाखालच्या उसालाच का, वरच्या कोरडवाहू शेताला का नाही? टेंभू योजनेचे पाणी सांगोल्यापर्यंत यायला पुढे बरीच वर्षे गेली. तोवर शेतकऱ्यांनी कमी पाण्यावर येणारे डाळिंब धरले होते. सहकारी सूतगिरणीने तालुक्यातच रोजगार दिला.

दुसरा भाग राहणीमानाचा. आमदार एसटीने येतो-जातो, ही सांगोल्यात दंतकथा नव्हती. लोकांनी ते बसस्थानकावर पाहिलेले होते. अर्थात पाण्याचा प्रश्न अर्धशतक पुरला, यावर विरोधकांनी प्रत्येक निवडणुकीत बोट ठेवले, आणि ते गैरही नव्हते.

त्यांच्यानंतर काय झाले?

वयोमानामुळे गणपतरावांनी २०१९ ची निवडणूक लढवली नाही. नातू डॉ. अनिकेत देशमुख उभे राहिले आणि ७६८ मतांनी हरले. समोर पुन्हा शहाजीबापूच, या वेळी शिवसेनेकडून. २०२२ च्या सत्तांतरात गुवाहाटीहून ‘काय झाडी, काय डोंगार’ म्हणत गाजले ते हेच. ३० जुलै २०२१ रोजी गणपतरावांचे सोलापुरात निधन झाले, तेव्हा ते ९४ वर्षांचे होते.

२०२४ मध्ये दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख यांनी शहाजीबापूंना हरवून जागा परत घेतली. त्या विधानसभेत शेकापचा निवडून आलेला हा एकमेव आमदार.