वस्त्रभूषेची चित्रफीत आणि सचोटीची खूण

समाजमाध्यमांमुळे वस्त्रभूषेच्या प्रसाराचे साधन आता गावोगावच्या तरुणांच्या हाती आले आहे. येवल्याची पैठणी नेसण्याची नवी पद्धत किंवा सोलापुरी चादरीपासून शिवलेले जाकीट चित्रफितीद्वारे अल्पावधीत असंख्य प्रेक्षकांपर्यंत पोहोचते. त्यातून विणकरांना नवे ग्राहक मिळू शकतात. तथापि, पाहणारा तरुण सांगणाऱ्याला विक्रेता नव्हे, तर मित्र समजतो. या विश्वासाचा गैरवापर होऊ नये, म्हणून काही बंधने आवश्यक ठरली आहेत.

केंद्र शासनाच्या ग्राहक व्यवहार विभागाने जानेवारी २०२३ मध्ये यासंबंधी सुबोध सूचना प्रसिद्ध केल्या. त्यांनुसार पैसे, मोफत कपडे, सवलत वा सहल अशा कोणत्याही स्वरूपात मोबदला मिळाला असल्यास तो उघड करावा लागतो. ‘जाहिरात’ किंवा ‘प्रायोजित’ हा शब्द छायाचित्रावर ठळक दिसावा. चित्रफितीत तो दिसावा आणि ऐकूही यावा. थेट प्रक्षेपणात तो सतत दिसत राहावा. ज्या भाषेत शिफारस, त्याच भाषेत ही सूचना असावी.

दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीबद्दल ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ अन्वये शिफारस करणाऱ्यासही १० लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. पुन्हा उल्लंघन झाल्यास ही मर्यादा ५० लाखांची आहे. शिफारस करण्यास एक वर्षापर्यंत मनाईही करता येते. मात्र, दाव्याच्या सत्यतेची योग्य ती खातरजमा केलेली असल्यास शिफारस करणारा दंडास पात्र ठरत नाही.

ही खातरजमा अवघड नाही. हातमागावरील अस्सल पैठणीच्या काठपदराची नक्षी दोन्ही बाजूंनी सारखीच दिसते. यंत्रमागावरील नकलेत मागील बाजूस बहुधा सुटे धागे आढळतात. शुद्ध रेशमासाठी ‘सिल्क मार्क’, तर हातमागाच्या कापडासाठी २००६ पासून ‘हँडलूम मार्क’ ही चिन्हे उपलब्ध आहेत. यंत्रमागाची साडी ‘हातमागाची’ म्हणून दाखविली गेली, तर ग्राहक फसतो आणि महिनोन्‌महिने मागावर बसणाऱ्या विणकराची मजुरीही बुडते.

शिक्षकांनी वर्गात एखादी चित्रफीत दाखवून ‘यात मोबदल्याचा उल्लेख कोठे आहे?’ असा प्रश्न विद्यार्थ्यांना विचारावा. ग्रामपंचायतींनी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हा क्रमांक सूचनाफलकावर लावावा. सत्य सांगून मिळविलेला प्रेक्षकच टिकतो आणि त्याच्या विश्वासावर गावचा मागही चालू राहतो.