खिडकीतला खेळ पडदाभर कसा करावा

आमच्या गावच्या वाचनालयात एक संगणक आहे. संध्याकाळी प्रौढवर्ग सुटला, की मंडळी त्याच्याभोवती जमतात. त्यात अक्षरांचा एक जुना खेळ आहे. वरून एकेक अक्षर खाली येते. ते तळाला टेकण्याच्या आत तेच अक्षर कीबोर्डवर दाबायचे. दाबले, की अक्षर फुटते आणि एक गुण मिळतो. खेळता खेळता अक्षरे पक्की होतात आणि बोटांची भीतीही मोडते.

आमच्या वर्गात एक बाई येतात. सारे गाव त्यांना आक्का म्हणते. आक्कांच्या एका डोळ्याचे मोतीबिंदूचे ऑपरेशन झाले आहे. एके दिवशी त्या खेळायला बसल्या. पडदा चांगला हात-दीड हात रुंद. पण खेळ दिसत होता मध्यभागी, पोस्टकार्डापेक्षा जरासा मोठा. आक्का नाक पडद्याला लावून अक्षर शोधू लागल्या. तेवढ्यात माऊस हलला, बोट दाबले गेले, आणि खेळ एकदम नाहीसा झाला! त्याच्या जागी वाचनालयातल्या पुस्तकांची यादी आली.

आक्का चटकन उभ्या राहिल्या. "गुरुजी, माझ्या हातून मशीन बिघडलं!" म्हणाल्या.

आम्ही म्हणालो, "काही बिघडलं नाही, आक्का." पण खरे सांगायचे, तर खेळ कोठे गेला हे आम्हालाही कळेना. आम्ही संगणक बंद केला आणि पुन्हा सुरू केला.

पुढे चार दिवस आक्का वर्गाला आल्या नाहीत. आम्ही घरी गेलो. तेव्हा त्या हळूच म्हणाल्या, "महागाचं यंत्र. बिघडलं तर भरून कुठून देऊ, गुरुजी?"

आमच्या मनाला ते फार लागले. एवढ्याशा गोष्टीपायी एक माणूस शिकायचे सोडते, हे काही ठीक नव्हे. मग सातवीतल्या एका मुलाला आम्ही वाचनालयात बोलावले. त्याने दोन बटणे दाबली आणि सारा उलगडा केला. पस्तीस वर्षे आम्ही मुलांना शिकवले. त्या दिवशी मुलाकडून शिकलो. जे शिकलो, ते येथे सांगतो.

खिडकी म्हणजे काय?

संगणकाच्या पडद्यावर जे चौकोन उघडतात, त्यांना विंडो म्हणतात. विंडो म्हणजे खिडकी. फार पूर्वी संगणकाच्या पडद्यावर एका वेळी एकच काम दिसे. पुढे १९७० नंतरच्या काळात अमेरिकेत झेरॉक्स कंपनीच्या संशोधन केंद्रात एक नवी रीत वाढीस लागली. एकेक काम एकेका चौकोनात मांडायचे, अशी ती रीत. १९८५ साली मायक्रोसॉफ्ट कंपनीने आपली प्रणाली बाजारात आणली. तिचे नावच विंडोज, म्हणजे खिडक्या!

तलाठ्याच्या टेबलावर कागद पसरलेले असतात ना? तसेच हे समजा. एका कागदावर दुसरा कागद. ज्या कागदाला हात लावाल, तो वर येतो आणि बाकीचे खाली जातात. आक्कांचा हात मागच्या यादीवर पडला. यादी वर आली, खेळ तिच्याखाली गेला. खेळ मोडला नव्हता, पुसला गेला नव्हता. तो खाली गप्प बसून होता.

असा दडलेला खेळ वर आणणे सोपे आहे. कीबोर्डच्या सर्वांत खालच्या रांगेत एक लांब बटण असते. त्याच्या डावीकडे ऑल्ट नावाचे बटण असते. ते दाबून धरावे. मग डाव्या बाजूचे टॅब हे बटण एकदा दाबावे. उघड्या कामांची लहान लहान चित्रे पुढे येतात. आपला खेळ निवडला जाईपर्यंत टॅब दाबत जावे, आणि मग दोन्ही बटणे सोडावीत. खेळ हजर! हे जमत नसेल, तर पडद्याच्या तळाशी जी पट्टी असते, तिच्यावर खेळाचे चित्र पाहून क्लिक करावे.

खेळ लहान का दिसतो?

आपल्या आयाबहिणी ठिपक्यांची रांगोळी घालतात. संगणकाचे चित्र तसेच ठिपक्यांचे असते. ठिपके मात्र फार बारीक आणि फार पुष्कळ. जुने खेळ बहुधा आडवे ६४० आणि उभे ४८० ठिपके धरून बनवलेले असत. गुणाकार करून पाहा: ३,०७,२०० ठिपके झाले. आजचा नेहमीचा पडदा आडवा १९२० आणि उभा १०८० ठिपक्यांचा असतो. त्याचे झाले २०,७३,६०० ठिपके. म्हणजे पडदा खेळाच्या पावणेसातपट मोठा. अंगण मोठे झाले, रांगोळी तेवढीच राहिली. मग ती लहान दिसणारच!

खेळ पडदाभर करणे, याला फुलस्क्रीन म्हणतात. त्याचे उपाय क्रमाने सांगतो. पहिला जमला तर दुसऱ्याकडे जाऊ नये.

पहिला उपाय : खेळालाच विचारावे

पुष्कळ खेळांत सेटिंग्ज किंवा ऑप्शन्स असे एक पान असते. त्यात डिस्प्ले, व्हिडिओ किंवा ग्राफिक्स या नावाखाली फुलस्क्रीन हा शब्द सापडतो. त्यापुढच्या चौकटीत खूण करावी. विंडोड असा शब्द निवडलेला असेल, तर खेळ खिडकीतच राहतो. बॉर्डरलेस असा तिसरा शब्दही कधी दिसतो. ही मोठी केलेली, बिनकाठाची खिडकीच असते. तिच्यातून दुसऱ्या कामाकडे चटकन जाता येते. हे शब्द बहुतेक इंग्रजीत असतात. शाळेतल्या मुलाकडून ते एका पुठ्ठ्यावर मोठ्या अक्षरांत लिहून घ्यावेत आणि संगणकाशेजारी टांगावेत. शब्दाची आकृती ओळखली, तरी काम भागते.

दुसरा उपाय : ऑल्ट आणि एंटर

आधी खेळाच्या चौकोनावर एकदा क्लिक करावे. डाव्या हाताने ऑल्ट दाबून धरावे. उजव्या हाताने एंटर हे मोठे बटण एकदा दाबावे आणि मग दोन्ही सोडावीत. विंडोजवरचे पुष्कळ खेळ यानेच पडदाभर होतात. त्या मुलाने हीच दोन बटणे दाबली होती. पण सर्वच खेळ याला दाद देत नाहीत. काहींचे बटण वेगळे असते. जीकॉम्प्री हा मुलांच्या शिक्षणाचा फुकट मिळणारा खेळसंच आहे. त्यात कंट्रोल बटण धरून इंग्रजी एफ दाबावा लागतो.

तिसरा उपाय : एफ ११

इंटरनेटच्या पानावर जो खेळ चालतो, त्याला एफ ११ हे बटण चालते. ते सर्वांत वरच्या रांगेत असते. लॅपटॉपवर कधी कधी खालच्या रांगेतले एफएन हे बटण धरून एफ ११ दाबावे लागते. पुन्हा एफ ११ दाबले, की पान पहिल्यासारखे होते.

चौथा उपाय : कोपऱ्यातला चौकोन

खिडकीच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात तीन खुणा असतात. आडवी रेघ, चौकोन आणि फुली. रेघेने खिडकी खाली दडते, चौकोनाने मोठी होते, फुलीने बंद होते. चौकोनावर क्लिक करून पाहावे. वरची आणि तळाची पट्टी दिसतच राहते, म्हणून हा पुरता फुलस्क्रीन नव्हे; पण काम भागते.

काही जुने खेळ मात्र हटवादी असतात. विंडोजबरोबर १९९२ साली सुरुंग शोधण्याचा खेळ आला होता. पुष्कळांनी तो कचेरीत पाहिला असेल. त्या जुन्या खेळाची खिडकी पडदाभर ताणता येत नसे. त्याला बनवणाऱ्याने तशी सोयच ठेवली नव्हती. अशा वेळी आपले चुकते आहे, असे समजू नये.

पाचवा उपाय : अंगणच लहान करावे

रांगोळी वाढत नसेल, तर अंगण आखडावे. पडद्यावरच्या मोकळ्या जागी माऊसचे उजवे बटण दाबावे. डिस्प्ले सेटिंग्ज असे शब्द येतील, त्यावर क्लिक करावे. तेथे रिझोल्यूशन या शब्दाखाली आकड्यांची यादी असते. आहे तो आकडा आधी वहीत लिहून ठेवावा. मग यादीत असेल तर ८०० × ६०० निवडावे. आता पडद्यावर ठिपके कमी, म्हणून प्रत्येक ठिपका मोठा. आपला ६४० × ४८० चा खेळ पडद्याच्या शंभर भागांपैकी ६४ भाग व्यापतो.

यात एक मौज आहे. आकडा बदलल्यावर विंडोज विचारते, "हे असेच ठेवू का?" आपण काहीच उत्तर दिले नाही, तर १५ सेकंदांत ते आपणहून पूर्वीसारखे होते. माणूस गोंधळेल, हे बनवणाऱ्यांनी आधीच ओळखले होते! खेळ झाला, की वहीतला आकडा पाहून पडदा पूर्वीसारखा करावा. दुसऱ्याचे काम अडू देऊ नये.

सहावा उपाय : भिंग

एवढे करूनही अक्षर दिसेना, तर विंडोजमध्ये भिंगाची सोय आहे. खालच्या रांगेत चार चौकोनांच्या चित्राचे बटण असते. ते धरून अधिकचे चिन्ह दाबावे. पडदा मोठा दिसू लागतो. तेच बटण धरून एस्केप दाबले, की भिंग बंद होते. डोळ्यांनी अधू असलेल्यांना याचा फार उपयोग होतो.

काळ्या पट्ट्या का येतात?

जुना खेळ पडदाभर केला, की दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या दिसतात. पडदा बिघडला, असे वाटते. तसे नाही. जुन्या खेळाची रुंदी चार, तर उंची तीन. आजच्या पडद्याची रुंदी सोळा, तर उंची नऊ. ४८० ची उंची सव्वादोनपट केली, म्हणजे १०८० होते. रुंदीही सव्वादोनपट केली, म्हणजे १४४० होते. पडदा १९२० चा, उरले ४८०. दोन बाजूंना २४०-२४० च्या काळ्या पट्ट्या झाल्या. त्या असणेच बरे. पट्ट्या घालवण्यासाठी चित्र आडवे ताणले, तर गोल चेंडू अंड्यासारखा दिसतो.

दुसरी गोष्ट. मोठे केलेले चित्र थोडे भरड दिसते. पीठ तेवढेच ठेवून भाकरी मोठी थापली, तर ती पातळच होणार. पण अक्षर मोठे दिसते, हे महत्त्वाचे.

बाहेर कसे यावे?

हा भाग सर्वांत आधी पाठ करावा. विहिरीत उतरायच्या आधी पायऱ्या कोठे आहेत, ते शहाणा माणूस पाहून घेतो. खेळ पडदाभर झाला, की फुलीही दिसत नाही आणि तळाची पट्टीही दिसत नाही. माणूस घाबरतो. तेव्हा पुढील गोष्टी क्रमाने कराव्यात.

एक : डाव्या हाताच्या वरच्या कोपऱ्यातले एस्केप बटण दाबावे. पुष्कळ खेळांत यादी येते, किंवा खेळ खिडकीत परत जातो.

दोन : ज्या बटणाने आत गेलो, तेच पुन्हा दाबावे. ऑल्ट-एंटरने गेलो, तर ऑल्ट-एंटर. एफ ११ ने गेलो, तर एफ ११.

तीन : ऑल्ट धरून टॅब दाबावे. दुसरे काम वर येते.

चार : काहीच चालेना, तर ऑल्ट धरून एफ ४ दाबावे. बहुतेक खेळ यानेच बंद होतात. फार तर त्या डावाचे गुण जातील. यंत्राला काही होत नाही.

आम्ही हे चार उपाय पुठ्ठ्यावर लिहिले आणि पुन्हा आक्कांच्या घरी गेलो. म्हणालो, "आक्का, त्या दिवशी यंत्र बिघडलं नव्हतं. आम्हालाच ठाऊक नव्हतं. चूक आमची." आक्का हसल्या. म्हणाल्या, "गुरुजींना पण ठाऊक नसतं व्हय?"

दुसऱ्या दिवशी आक्का आल्या. आम्ही खेळ पडदाभर करून दिला नाही. त्यांनीच ऑल्ट धरले, एंटर दाबले. खेळ पडदाभर झाला. पुन्हा दाबले, लहान झाला. असे त्यांनी पाच-सहा वेळा करून पाहिले. मग निवांत मागे टेकून बसल्या आणि पडद्यापासून हातभर दूर राहून खेळल्या. त्या दिवशी त्यांनी अकरा अक्षरे फोडली.

आता वर्गात कोणी नवीन माणूस आले, की आक्काच त्याला संगणकापुढे बसवतात. आधी खेळ शिकवत नाहीत. आधी एस्केप बटण दाखवतात आणि म्हणतात, "हे बघ बाबा, बाहेर यायची वाट इथं आहे. आता खुशाल आत जा."