एक कोन आणि एक जिना

शहराचें रूप शिल्पज्ञ ठरवितो, अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती अर्धीच खरी होय. मुंबईंतील दादर-माटुंग्याच्या जुन्या वसाहतींचा घाट एका कोनानें आणि एका सोंवळ्यानें घडविला आहे.

१८९६ सालीं मुंबईंत प्लेगची सांथ आली. दाट वस्तींतील कोंदट, अंधाऱ्या खोल्यांवर तिचें खापर फुटलें. खरा अपराध उंदरांवरील पिसवांचा, हें पुढें सिद्ध झालें. परंतु तोंवर शहरसुधारणेची दिशा ठरून गेली होती. १८९८ सालीं इंप्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. त्याचा प्रकाशाविषयींचा नियम असा कीं, समोरच्या इमारतीच्या माथ्यावरून ६३½ अंशांच्या कोनांत उतरणारा उजेड तळमजल्याच्या खोलीपर्यंत पोंचला पाहिजे. म्हणजे समोरची इमारत ४० फूट उंच असेल, तर मधें २० फूट तरी मोकळी जागा हवी. हिंदु कॉलनींतील सुट्या सुट्या, बेताच्या उंचीच्या इमारती या विचारांतून उभ्या राहिल्या.

भिंतीबाहेरचें अंतर नियमानें ठरलें. आंतील व्यवस्था मात्र रीतिरिवाजांनीं ठरविली. चाळींत एकेक खोली, पुढें सामाईक गॅलरी आणि टोंकास सर्वांचे शौचकूप. नव्या पांढरपेशा कुटुंबास हवा होता स्वतंत्र ब्लॉक. पण वाड्यांत परसाच्या टोंकास असणारा शौचकूप स्वयंपाकघराच्याच छपराखालीं आणावयाचा कसा? तो मागील बाजूस गेला आणि पुष्कळ इमारतींच्या पाठीशीं लोखंडी चक्री जिना चढला. सफाई करणाऱ्या माणसानें पुढच्या जिन्यानें येऊं नये, एवढ्यासाठीं हा खटाटोप! दर्शनीं बाजूस गोलाईदार सज्जे आणि नवी राहणी. पाठीमागें अस्पृश्यता, तीहि लोखंडांत ओतलेली.

गॅलरीचा धाकटा वंशज असा तो सज्जा पुढें गज आणि कांचा लावून बंद झाला. आतां तर मूळ इमारतीच पाडून त्यांच्या जागीं टॉवर उठत आहेत. कित्येकांचे खालचे मजले मोटारींसाठींच असतात. चक्री जिना गेला, त्याबद्दल कोणीं हळहळूं नये. मात्र पुष्कळ टॉवरांत घरकाम करणाऱ्यांसाठीं निराळी लिफ्ट असते, हेंहि पाहावें. गेला तो ६३½ अंशांचा उजेड. टॉवरच्या सांवलींत सांपडलेल्या जुन्या इमारतीच्या तळमजल्यावर भरदुपारींहि दिवा लावावा लागतो.