अपघातानंतर उरणारी इजा आणि तिचा संकेतांक

बर्फावर चालणारी एक मोटारगाडी असते. तिला पुढे चाकांच्या जागी घसरपट्ट्या आणि मागे फिरता पट्टा असतो. थंड मुलखातले लोक ती कामासाठी चालवतात, हौसेसाठीही चालवतात, आणि तिच्यावरून पडून हातपायही मोडून घेतात. आपल्या वरोऱ्याच्या उन्हात ही गाडी कुठून यायची? पण जगभर आजार आणि अपघात ज्या एका यादीच्या आधाराने नोंदले जातात, तिच्यात या गाडीला जागा आहे आणि आपल्या बंडीलाही आहे. बर्फगाडीचा संकेतांक व्ही ८६, बंडीत बसलेल्या माणसाच्या अपघाताचा व्ही ८०, शेतातल्या ट्रॅक्टरचा व्ही ८४. खाणीतली कोळशाची डबागाडी व्ही ८३ मध्ये मोडते.

ही यादी आली कुठून? पॅरिसचे आकडेशास्त्रज्ञ जाक बर्तियों यांनी १८९३ साली मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली. पुढे ती वाढत गेली. १९४८ साली सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि मृत्यूंबरोबर आजार व जखमाही तिच्यात आल्या. दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अकरावी २०२२ च्या १ जानेवारीपासून लागू झाली. या लेखातले संकेतांक दहाव्या आवृत्तीतले आहेत.

अपघाताची नोंद करताना ही यादी दोन प्रश्न विचारते. शरीराला काय झाले? आणि ते कशाने झाले? समजा, नागपूर-चंद्रपूर रस्त्यावर एका मोटारसायकलस्वाराला मालट्रकची धडक बसली आणि त्याचा पाय गुडघ्याखाली तुटला. पायाची नोंद एस ८८, धडकेची व्ही २४. कारणांची वाटणी मात्र कधीकधी गमतीची वाटते. सुसर चावली तर तिला स्वतंत्र संकेतांक आहे, डब्ल्यू ५८. वाघाला तसा मान नाही! त्याला इतर सस्तन प्राण्यांबरोबर डब्ल्यू ५५ मध्येच बसवले आहे. जंगलाकाठी राहणाऱ्या आपल्या लोकांना याचे नवल वाटेल.

आता खरा मुद्दा. तो मोटारसायकलस्वार दीड वर्षाने पुन्हा दवाखान्यात आला. जखम केव्हाच भरली आहे. कृत्रिम पाय घासून खुंटाला त्रास होतो, म्हणून तो आला. कागदावर आता काय लिहायचे? पुन्हा 'पाय तुटला' असे लिहिले, तर नवाच अपघात झाल्यासारखे दिसेल. नुसते 'खुंट दुखतो' असे लिहिले, तर अपघाताशी असलेला धागाच तुटेल. यासाठी यादीत तिसरी सोय आहे: मागे उरलेल्या परिणामांची. आजच्या तक्रारीची नोंद तर होतेच. शिवाय पाय नाही ही स्थिती झेड ८९.५, ती पूर्वीच्या इजेतून आली हे टी ९३.६, आणि ती इजा मोटार-अपघाताची होती हे वाय ८५.०. बंडीच्या अपघाताचे मागे उरलेले परिणाम वाय ८५.९ मध्ये जातात. वाघाच्या हल्ल्याचे वाय ८६ मध्ये. अमेरिकेत या यादीची वाढवलेली प्रत वापरतात. तिच्यात उरलेल्या परिणामासाठी संकेतांकाच्या शेवटी 'एस' हे अक्षर जोडतात.

चालू असलेली व्याधी वेगळी आणि ती गेल्यावर मागे राहिलेली खूण वेगळी, हा भेद वरोऱ्याला नव्याने शिकवायला नको. १९५१ साली बाबा आमटे यांनी इथे आनंदवन उभे केले. कुष्ठरोगाचे जंतू औषधाने मरतात, रोग बरा होतो. पण वाकडी झालेली बोटे आणि बधिर झालेले तळवे राहू शकतात. अशा माणसाला 'कुष्ठरोगी' म्हणणे चूक आहे, आणि यादीही तसे म्हणत नाही. चालू रोगाचा संकेतांक ए ३०, बऱ्या झालेल्या रोगाच्या परिणामांचा बी ९२. कागदावर बी ९२ च्या जागी ए ३० पडला, तर बरा झालेला माणूस कागदोपत्री जन्मभर रोगीच राहतो. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने 'कुष्ठरोगातून बरी झालेली व्यक्ती' असा स्वतंत्र वर्ग मानला आहे. तिथेही हाच भेद आहे.

संकेतांक काय करत नाही, हेही लक्षात ठेवा. तो नुकसानीचे माप सांगत नाही. कचेरीत बसून लिहिणारा आणि कापसाच्या वावरात राबणारा, दोघांचा पाय गुडघ्याखाली सारखाच गेला, तर दोघांचाही झेड ८९.५ च. पण पोटावर पाय कोणाच्या जास्त आला? सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली मोटार-अपघाताच्या एका दाव्यात हेच स्पष्ट केले: अवयवाची हानी किती टक्के हा एक हिशेब, आणि तिच्यामुळे कमाई किती बुडाली हा दुसरा. दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र पहिला हिशेब सांगते. त्यात ४० टक्के किंवा अधिक दिव्यांगत्व ठरले, तर नोकरीतल्या राखीव जागांसारखे कायद्यातले काही हक्क मिळतात.

मग तुम्ही काय करावे? संकेतांक पाठ करायचे कारण नाही. ते काम नोंद करणाऱ्याचे. पण तो लिहिणार तुमच्या आणि डॉक्टरांच्या सांगण्यावरून. म्हणून अपघात कसा झाला ते पहिल्याच दिवशी पुरते सांगा: वाहन कोणते, तुम्ही चालवत होता की मागे बसला होता, रस्त्यावर झाले की वावरात. नुसते 'पडलो' म्हणू नका. दवाखान्यातून सुटताना मिळणारा कागद वाचून घ्या. वाचता येत नसेल तर कोणाकडून वाचवून घ्या, आणि चूक दिसली तर तिथेच दुरुस्त करायला सांगा. वर्षा-दोन वर्षांनी त्याच दुखण्यासाठी गेलात, तर जुना कागद बरोबर न्या आणि 'हे त्या अपघातापासूनचे आहे' असे आपण होऊन सांगा. दुखणे तुम्हाला आठवते, पण नव्या डॉक्टरला ते कागदावरूनच कळते. दावा चालवणाऱ्या न्यायाधिकरणालाही आणि प्रमाणपत्र देणाऱ्या वैद्यकीय मंडळालाही कागदच विचारावा लागतो. तेव्हा तो कागद घरात सातबाऱ्याशेजारी जपून ठेवा.